खलिता चुकीच्या दारी

पुणे, नोव्हेंबर १८७८

काबूलच्या अमिराला हिंदुस्थान सरकारचा निर्वाणीचा खलिता गेला आहे. त्यावर २ नोव्हेंबरची तारीख आहे आणि जबाबाला २० नोव्हेंबरपर्यंत मुदत आहे. अमीर शेर अली यांनी पुरती लेखी माफी मागावी, आपल्या मुलखात इंग्रज वकिलात कायमची ठेवून घ्यावी, आणि हे सारे कबूल असल्याचा साफ जबाब त्या तारखेच्या आत पोहोचवावा. नाहीतर त्यांना शत्रू समजण्यात येईल. सरकारने भाषा आडपडद्याची ठेवलेली नाही. आम्हीही ठेवणार नाही.

आमचा हा इशारा व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांना आहे, त्यांच्या पाठीशी लंडनमध्ये बसलेल्या मुख्य प्रधान लॉर्ड बीकन्सफील्ड यांना आहे, आणि लढाईच्या नुसत्या वार्तेने ज्यांच्या मिशांना पीळ चढू लागला आहे त्या आमच्याच मंडळींना तर तो सर्वांत आधी आहे.

गेल्या १४ मार्चला देशी भाषांतल्या छापखान्यांसाठी जो कायदा झाला, तो आमच्या लक्षात आहे. मॅजिस्ट्रेटने बोलावले की मुचलका लिहून द्यायचा, सांगितले की अनामत भरायची, आणि त्यावर कोर्टात दाद नाही, असा तो कायदा आहे. हाच मजकूर इंग्रजीत छापला तर तो लागू होत नाही. तरी आम्ही मराठीतच लिहीत आहोत. या लढाईचा खर्च ज्यांच्या कनवटीतून सोडवून घेतला जाणार, ते लोक मराठी वाचतात, किंवा देवळाच्या पारावर कोणाकडून वाचून घेतात.

आता मूळ गोष्ट. काबूलशी भांडण का लागले, हे काबूलकडे पाहून कळणार नाही. त्याचा उगम तीन वर्षांपूर्वी रूमच्या, म्हणजे तुर्कस्तानच्या, सुलतानाच्या राज्यात, हर्झेगोव्हिना नावाच्या खडकाळ प्रांतात आहे. १८७४ साली तिथे पीक बुडाले, आणि पीक बुडाले तरी मक्तेदारांनी सारा सोडला नाही. १८७५ च्या जुलैत नेव्हेसिन्ये भागातले शेतकरी उठले. त्याच वर्षी मे महिन्यात आपल्या भीमथडीत सुप्याच्या बाजारी कुणबी सावकारांवर कसे उठले, ते सांगायला नको. तिकडच्या कुणब्याचे आणि इकडच्या कुणब्याचे दुखणे फारसे निराळे नव्हते. निराळेपण एवढेच, की तिकडे कुणब्याने हत्यार उचलताच युरोपातल्या सहा मोठ्या सत्तांना त्याचा कळवळा आला.

हा कळवळा कसा होता, ते पाहण्यासारखे आहे. ऑस्ट्रियाचे मंत्री काउंट आंद्रासी यांनी १८७५ च्या डिसेंबरअखेर सुधारणांची यादी काढली. सुलतानाने ती बहुतेक मान्य केली आणि अंमलात काही आणले नाही. पुढच्या मे महिन्यात रशिया, ऑस्ट्रिया आणि जर्मनी यांनी बर्लिनमध्ये दुसरा मसुदा केला. त्यावर सही करण्याचे इंग्लंडने नाकारले, आणि आपले आरमार मात्र दार्दानेल्सच्या तोंडाशी बेसिका उपसागरात नेऊन उभे केले. त्या आरमाराच्या जोरावर सुलतानाची हिंमत वाढली. त्याच सुमारास बल्गेरियात सुलतानाच्या बाजारबुणग्या फौजेने बाटाक गावी बायकामुलांसह हजारोंची कत्तल केली. बातम्या आल्या तेव्हा बीकन्सफील्डसाहेबांनी त्या बाजारगप्पांत काढल्या. मग ग्लॅडस्टनसाहेबांनी त्यावर चोपडे लिहिले आणि सारे इंग्लंड खवळले. रशियाने १८७६ च्या ३१ ऑक्टोबरला सुलतानाला निर्वाणीचा इशारा दिला: ४८ तासांत सर्बियाशी लढाई थांबवा. सुलतानाने ऐकले. लढाई थांबली. आणि सहा महिन्यांच्या आत, २४ एप्रिल १८७७ रोजी, रशियाने त्याच सुलतानावर युद्ध पुकारले.

वाचकांनी इथे क्षणभर थांबावे. इशारा पाळल्याने सुलतान वाचला नाही. अमिराने २० तारखेच्या आत माफी मागितली, वकिलात ठेवून घेतली, तरी पुढच्या वर्षी त्याच्याकडे दुसरे काही मागितले जाणार नाही, याची हमी त्या खलित्यात कुठे आहे? हमी हवी म्हणून तर तो पाच वर्षे विनवतो आहे! १८७३ मध्ये त्याचा वजीर सय्यद नूर महंमद शाह सिमल्याला येऊन बसला होता. रशियाने खिवा घेतले आहे, उद्या माझ्यावर आला तर तुम्ही मदत कराल असे लिहून द्या, एवढेच त्याचे मागणे होते. तेव्हा मोघम उत्तर देऊन त्याला वाटेस लावले. गेल्या वर्षी तोच वजीर आजारी असताना पेशावरपर्यंत आला, दोन महिने सरकारचे वकील सर लुइस पेली यांच्याशी बोलत राहिला आणि मार्च महिन्यात तिथेच वारला. अमिराचा दुसरा वकील वाटेवर होता. लॉर्ड लिटन यांनी त्याची वाट न पाहता बोलणे बंद केले.

पण रशिया-तुर्की लढाईकडे परत वळू. प्लेव्हनाला तुर्की सेनापती उस्मान पाशाने पाच महिने रशियनांना अडवून धरले, त्या वेळी आपल्याकडच्या मुसलमान बंधूंनी जखमी तुर्कांसाठी वर्गण्या काढल्या आणि सरकारने त्या कौतुकाने पाहिल्या. डिसेंबरात प्लेव्हना पडले. जानेवारीअखेर रशियन फौजा कान्स्टँटिनोपलच्या वेशीजवळ होत्या. ३ मार्चला सान स्टेफानो येथे तह झाला आणि डॅन्यूबपासून इजियन समुद्रापर्यंत एक मोठे बल्गेरिया राज्य कागदावर उभे राहिले. लंडनला ते खपले नाही. इंग्रजी आरमार त्याआधीच, फेब्रुवारीत, मार्मरा समुद्रात शिरले होते. आणि १७ एप्रिलला, पार्लमेंट ईस्टरच्या सुट्टीवर गेल्याच्या दुसऱ्या दिवशी, जाहीर झाले की हिंदुस्थानातली फौज माल्टाला जाणार.

मुंबई बंदरात तो देखावा ज्यांनी पाहिला, त्यांच्या डोळ्यांपुढून तो अजून गेला नसेल. सुमारे सात हजार माणूस, घोडे, तंबू, शिधा भरून आगबोटी निघाल्या. दख्खनचा दुष्काळ अजून पुरता ओसरला नव्हता. ज्या देशात गेल्या वर्षी धान्याच्या गाड्या वेळेवर पोहोचत नव्हत्या, त्या देशातून शिपायांनी भरलेली जहाजे मात्र ठरल्या दिवशी सुटली. आपल्या काही वर्तमानपत्रांनी तेव्हा आनंद मानला होता. हिंदी शिपाई युरोपच्या रंगमंचावर गेला, महाराणीच्या राज्याची शोभा वाढली, असे लेख आम्ही वाचले. त्या लेखकांना आमचा आजचा सवाल: ती शोभा कोणाच्या अंगावर आली, ते आता दिसते आहे की नाही?

कारण त्या आगबोटींना रशियाने जबाब दिला, तो माल्टाला दिला नाही. तो ताश्कंदहून दिला. तिथले गव्हर्नर-जनरल कौफमन यांनी फौजा अमूदर्याच्या दिशेने हलवल्या आणि जनरल स्टोलेटोव्ह यांची वकिलात काबूलकडे रवाना केली. इंग्लंडने भूमध्य समुद्रात हिंदुस्थानचे प्यादे पुढे केले, रशियाने मध्य आशियात काबूलचे. शेर अलींनी ही वकिलात बोलावली नव्हती. तिला अडवण्याचा त्यांनी प्रयत्नही केला. जुलैत ती काबूलला पोहोचली.

आणि तोवर युरोपात काय झाले होते? बर्लिनला १३ जूनला प्रिन्स बिस्मार्क यांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली आणि १३ जुलैला तहनाम्यावर सह्या झाल्या. ६४ कलमांचा हा तहनामा. परिषदेत इंग्लंड आणि रशिया समोरासमोर आले आणि मोठी खडाजंगी होणार, असे आपण इथे तारा वाचून समजत होतो. प्रत्यक्षात ३० मे रोजीच लॉर्ड सॉल्सबरी आणि रशियाचे वकील शुवालोव्ह यांनी लंडनमध्ये गुपचूप सारे ठरवून टाकले होते. परिषद सुरू झाली त्याच्या दुसऱ्याच दिवशी लंडनच्या एका वर्तमानपत्राने तो करार छापला. त्याहून मोठे गुपित पुढे बाहेर आले: सुलतानाचे रक्षण करण्याच्या मोबदल्यात इंग्लंडने ४ जूनलाच सुलतानाकडून सायप्रस बेट लिहून घेतले होते. माल्टाला गेलेल्या आपल्या पलटणी त्याच बेटावर उतरवण्यात आल्या. वाटेत एक बेट मिळाले, आणि बीकन्सफील्डसाहेब लंडनला परतून लोकांना म्हणाले, आम्ही सन्मानपूर्वक शांतता घेऊन आलो आहोत.

बर्लिनच्या मेजाभोवती कोण होते आणि कोण नव्हते, हे या देशातल्या प्रत्येक वाचकाने पाठ करून ठेवावे. जर्मनी, ऑस्ट्रिया, इंग्लंड, फ्रान्स, इटली, रशिया आणि तुर्की, एवढी सात राज्ये मताचा हक्क घेऊन बसली. ज्यांच्या मुलखाचे तुकडे करायचे होते, ते बल्गेरियन आत नव्हते. त्यांच्या देशाचे तीन तुकडे झाले: एक मांडलिक राज्य, एक सुलतानाच्या ताब्यातला प्रांत, आणि उरलेला मॅसिडोनिया पुन्हा जुन्या अंमलाखाली. रूमानियाच्या फौजा प्लेव्हनाला रशियाच्या खांद्याला खांदा लावून लढल्या. त्यांच्या वकिलांना आत बोलावून कैफियत ऐकून घेतली आणि बाहेर पाठवले. दक्षिण बेसराबिया त्यांच्या हातून काढून त्याच रशियाला दिला. आर्मेनियन लोकांचे वकील खेटे घालत होते. त्यांच्या वाट्याला ६१ वे कलम आले, ज्यात सुधारणांचे वचन आहे आणि ते वचन मोडले तर काय, याचा एक शब्द नाही. बोस्निया आणि हर्झेगोव्हिना, जिथल्या शेतकऱ्यांच्या साऱ्यापासून हे सगळे सुरू झाले, ते प्रांत ऑस्ट्रियाच्या ताब्यात दिले. तिथल्या लोकांना विचारलेही नाही. व्हिएन्नाला वाटले होते, बँड वाजवत जाऊ आणि बसू. जुलैअखेर फौज सावा नदी उतरली, सारायेव्होला रस्तोरस्ती लढावे लागले, आणि तो मुलूख शांत करायला ऑक्टोबर उजाडला. शांत झाला म्हणतात. आम्हाला तसे वाटत नाही. न विचारता घेतलेला मुलूख किती दिवस गप्प राहतो, ते सारायेव्हो दाखवील.

तर मोठ्यांचे मोठ्यांशी असे जुळले. रशिया परत फिरला, इंग्लंडला बेट मिळाले, बिस्मार्कना मध्यस्थीचा मान मिळाला. मागे राहिला तो फक्त काबूलचा हिशोब. स्टोलेटोव्ह काबूलला पोहोचले तेव्हा बर्लिनच्या सह्या वाळल्या होत्या. ज्या भांडणासाठी त्यांना पाठवले, ते भांडण मिटले होते. लंडनने पीटर्सबर्गला विचारणा केली. पीटर्सबर्गने उत्तर दिले की ही केवळ शिष्टाचाराची तात्पुरती भेट आहे. लंडनने ते ऐकून घेतले. याच रशियाने १८७३ मध्ये इंग्लंडला लिहून दिले होते की अफगाणिस्तान आपल्या वर्चस्वाच्या बाहेर आहे. तेव्हा वचन कोणी मोडले असेल तर रशियाने मोडले. निर्वाणीचा खलिता जायचाच होता तर तो पीटर्सबर्गला जायला हवा होता. तिथे सौम्य पत्र गेले. तोफा पेशावर, कोहाट आणि क्वेट्टा येथे जमल्या.

खमक्या शेजाऱ्याशी भांडण झाले की काही लोक घरी येऊन गड्याला मारतात. हिंदुस्थान सरकारचे अफगाण धोरण आज याहून वेगळे नाही.

सरकारपक्ष म्हणेल, अमिराने आमच्या वकिलाचा अपमान केला. २१ सप्टेंबरला खैबरातल्या अलीमशिदीजवळ मेजर कॅव्हान्यारी यांना फैज महंमद खान यांनी पुढे जाऊ दिले नाही, हे खरे. पण त्या दिवशी एकही गोळी सुटली नाही. किल्लेदार अदबीने बोलला आणि वरून हुकूम नाही एवढेच सांगत राहिला. ऑगस्टात अमिराचा लाडका वारस अब्दुल्ला जान वारला. घरात सुतक असताना आमची वकिलात येत आहे, वाट मोकळी करा, असे पत्र जाऊन पोहोचले. आपल्याकडे शत्रूही तेरावा होऊ देतो.

आणि इंग्रज वकील न घेण्याचा हट्ट अमिराने आज काढलेला नाही. त्याचे वडील दोस्त महंमद यांच्याशी १८५७ च्या जानेवारीत जो तह झाला, त्यात सरकारनेच मान्य केले की काबूलला आमचा वकील राहील तो गोरा नसेल. ते वर्ष कोणते, हे आठवा. मेरठ, दिल्ली, कानपूर पेटले असताना दोस्त महंमद पेशावरवर उतरला असता तर पंजाब कोणाचा राहिला असता? तो उतरला नाही. १८६९ मध्ये अंबाल्याच्या दरबारात लॉर्ड मेयो यांनीही शेर अलींना तोच शब्द दिला. शब्द सरकारचा आहे. तो फिरवायचा असेल तर फिरवणाऱ्याने माफी मागावी, की ज्याच्याशी फिरवला त्याने?

काबूलला गोरा वकील नेऊन बसवल्याने काय होते, हे सरकारला आमच्यापेक्षा अधिक ठाऊक आहे. १८३९ मध्ये सर जॉन कीन मुंबईची फौज घेऊन सिंधमार्गे गेले. गझनी घेतले, काबूल घेतले, शाह शुजाला गादीवर बसवले. १८४१ च्या नोव्हेंबरात बर्न्ससाहेबांना काबूलच्या गल्लीत कापले, डिसेंबरात मुख्य वकील मॅक्नॉटन यांना. जानेवारीच्या बर्फात काबूलहून जी फौज निघाली, तिच्यात साडेचार हजार लढवय्ये होते; गोरे त्यातले सातशेच्या आसपास, बाकीचे हिंदी शिपाई. बरोबर बारा हजार नोकरचाकर, बायकापोरे, बाजारबुणगे. १३ जानेवारीला जलालाबादच्या तटावरून एक घोडेस्वार येताना दिसला, डॉक्टर ब्रायडन. त्याचे नाव विलायतेतल्या पोराला पाठ आहे. खुर्द काबूलच्या खिंडीत गोठलेल्या शिपायांपैकी एकाचेही नाव कोणाला माहीत नाही. पुढे काय झाले? दोस्त महंमद, ज्याला काढायला लढाई केली, तोच परत गादीवर आला. खर्च हिंदुस्थानच्या खात्यावर लिहिला गेला.

लॉर्ड लिटन, आपण कवी आहात. टोपणनावाने आपली पुस्तके निघाली आहेत आणि ती खपतात, असे ऐकतो. पण हिंदुस्थानच्या तिजोरीचे हिशोब गद्यात असतात, आणि त्यांच्याबद्दल आम्हाला आपल्याशी गद्यातच बोलायचे आहे.

दोन वर्षे सोलापूर, कलादगी, अहमदनगर, सातारा, पुणे, नाशिक या जिल्ह्यांत माणसे कुजलेल्या पानांवर जगली आणि मेली. १ जानेवारी १८७७ रोजी दिल्लीला दरबार भरवून आपण महाराणींना कैसर-इ-हिंद जाहीर केले. पुण्याच्या सार्वजनिक सभेचे गणेश वासुदेव जोशी अंगावर जाडेभरडे देशी कापड घालून तिथे हजर होते. त्याच महिन्यात सर रिचर्ड टेंपल दुष्काळी कामांची मजुरी कापायला निघाले: धट्ट्याकट्ट्या पुरुषाला दिवसाला एक पौंड धान्य आणि वर एक आणा. दगड फोडणाऱ्या माणसाला एक पौंड! लोकांनी काम टाकून चालू लागणे पसंत केले, तेव्हा त्यांना बंडखोर म्हटले गेले. सभेने तालुक्यातालुक्यांतून माहिती मागवून सरकारला पत्रांवर पत्रे लिहिली. टेंपलसाहेब आज मुंबईचे गव्हर्नर आहेत.

दुष्काळ ओसरत आला तेव्हा अर्थखात्याचे सर जॉन स्ट्रेची यांनी सांगितले की पुढच्या दुष्काळासाठी दरसाल पंधरा लाख पौंडांची तजवीज हवी. त्यासाठी धंद्यांवर लायसन टॅक्स बसवला. गेल्या एप्रिलात सुरतेच्या लोकांनी दुकाने बंद केली, दंगा झाला, गोळीबार झाला, माणसे मेली, टॅक्स राहिला. मुंबई इलाख्यात मिठावरचा कर मणामागे १ रुपया १३ आण्यांवरून अडीच रुपयांवर गेला. आम्हाला शब्द दिला गेला की दुष्काळाच्या नावाने घेतलेला पैसा दुष्काळालाच लागेल, दुसरीकडे जाणार नाही. लॉर्ड लिटन, हा शब्द आपल्या सरकारचा आहे. आम्ही तो विसरलेलो नाही आणि विसरू देणार नाही.

आता कायद्याचे. हिंदुस्थानचा कारभार कंपनीकडून राणीकडे गेला तो १८५८ च्या कायद्याने. त्याचे ५५ वे कलम सांगते: हिंदुस्थानवर प्रत्यक्ष स्वारी झाली, किंवा अचानक तातडीची निकड आली, एवढे वगळता सरहद्दीबाहेरच्या लढाईचा खर्च पार्लमेंटच्या दोन्ही सभांच्या संमतीवाचून हिंदुस्थानच्या उत्पन्नातून करता येणार नाही. हिंदुस्थानवर स्वारी कोणी केली आहे? खैबरच्या अलीकडे एकही अफगाण शिपाई आलेला नाही. अचानक निकड कुठे आहे? आपणच अठरा दिवसांची मुदत दिली. पंचांगात तारीख धरून येणारी लढाई अचानक येत नसते. आणि ही मुदत जबाबासाठी आहे, हेही आम्ही मानत नाही. डोंगरातून डाक नेणाऱ्या जासुदाचे घोडे लंगडले, जबाब २५ तारखेला आला, तर काय करणार? त्या जबाबाखातर पुढे गेलेल्या पलटणी मागे घेणार?

खर्चाच्या बाबतीत आमचा अनुभव जुना आहे. ॲबिसिनियाच्या राजाने इंग्रज कैदी धरले. मुंबईची फौज सर रॉबर्ट नेपियर घेऊन गेले, आणि त्या फौजेचा नेहमीचा पगार हिंदुस्थानच्या माथी राहिला. १८६७ मध्ये सुलतान अब्दुल अझीझ लंडनला पाहुणे गेले. त्यांच्या सन्मानार्थ इंडिया ऑफिसात मोठा नाच झाला आणि त्याचे बिल हिंदुस्थानच्या रयतेला लावले. फॉसेटसाहेबांनी पार्लमेंटमध्ये त्यावर आवाज उठवला, म्हणून आम्हाला कळले तरी. ज्या सुलतानाच्या नाचाचे पैसे आम्ही दिले, त्याच्याच राज्याच्या वाटणीच्या भांडणातून ही काबूलची लढाई उभी राहिली आहे. दोन्ही वेळा आम्हाला आमंत्रण नव्हते.

आता दोन शब्द अमीर शेर अलींना, आमचा आवाज तिथवर पोहोचत नसला तरी. अमीरसाहेब, आपणही निर्दोष नाही. पोटच्या मुलाला, याकूब खानाला, बोलणी करायला बोलावून आपण चार वर्षे कैदेत टाकले आहे. अशा घरात परक्याला शिरायला फट सापडते. आणि स्टोलेटोव्ह यांनी आपल्याला काय वचने दिली ती आपल्यालाच ठाऊक, पण रूमानियाला रशियाने काय दिले ते सर्व जगाला ठाऊक आहे. अमूदर्याच्या पलीकडून आपल्यासाठी एक कोसाक येणार नाही. हे ओळखून मुदतीच्या आत बोलणे सुरू ठेवाल तर आपल्या रयतेवर उपकार होतील.

वाचकहो, तुमच्याशी मात्र कडक बोलावे लागेल. पुढच्या आठवड्यात कदाचित पहिल्या विजयाची तार येईल. पहिल्या विजयाची बातमी १८३९ मध्येही आली होती. दिवे लावले जातील, सभा भरतील, राजनिष्ठेचे मानपत्र घेऊन रावबहादूर धावतील, कंत्राटदार उंटांचे आणि गवताचे भाव लिहू लागतील. जो सावकार लायसन टॅक्सविरुद्ध काल अर्जावर सही करत होता, तोच उद्या वाजंत्री लावील. आम्ही सांगून ठेवतो: ज्या गृहस्थांची नावे अशा मानपत्रांखाली येतील, ती आम्ही या पत्रात जशीच्या तशी छापू, आणि पुढच्या दुष्काळात खडी फोडणाऱ्यांसमोर ती पुन्हा छापू. मानपत्र द्यायचेच असेल तर लॉर्ड लॉरेन्स यांना द्या. पंजाब ज्यांनी सांभाळला ते माजी व्हाइसरॉय म्हातारपणी लंडनच्या वर्तमानपत्रात पत्रे लिहून ही लढाई अन्यायाची आहे असे सांगत आहेत. तुमच्यापैकी कोणी त्यांचे नाव तरी घेतले का?

सार्वजनिक सभेला आणि मुंबईच्या असोसिएशनला आमची विनंती आहे की त्यांनी २० तारखेची वाट पाहू नये. पार्लमेंटच्या दोन्ही सभांकडे ५५ व्या कलमाखाली अर्ज आजच जावा, त्यावर गावोगावच्या सह्या असाव्यात. माल्टाला पाठवलेल्या फौजेचा खर्च विलायतेच्या तिजोरीतून दिला गेला, हा दाखला त्यात जोडावा. युरोपच्या भांडणाचा खर्च युरोपने द्यायचा हे तत्त्व सहा महिन्यांपूर्वी मान्य होते, ते सिमल्याच्या थंडीत का गोठले, हे विचारावे.

आणि लॉर्ड लिटन यांना अखेरचे. आपण अमिराला दिलेली मुदत वाढवा, त्याचे बोलणे ऐका, रशियाशी असलेला तंटा रशियाशी सोडवा. हे आपल्याला करायचे नसेल आणि लढाईच करायची असेल, तर ती लंडनच्या पैशाने करा. २० नोव्हेंबरनंतर खैबरपलीकडे पडणाऱ्या पहिल्या पावलापासून या लढाईच्या खर्चाला हिंदुस्थानच्या रयतेची संमती नाही. मिठाच्या करातली, लायसन टॅक्सातली आणि दुष्काळाच्या निधीतली एक पैही तिला देण्याचा अधिकार आम्ही आपल्याला दिलेला नाही, हे आज, मुदत संपण्याआधी, छापून ठेवत आहोत.